अंदाजे एक वीत

आमच्या हिच्या मामांइतका माणसाला इंचाइंचाने ओळखणारा आणि त्याचं नाव मात्र कधीही लक्षात न ठेवणारा गृहस्थ साऱ्या गिरणगावात दुसरा झाला नाही, हे मी कुणाशीही पैज लावून सांगेन. डिलाईल रोडला एका चाळीच्या जिन्याखाली त्यांचं शिंप्याचं दुकान. उभं राहिलं तर डोकं जिन्याला लागावं आणि बसलं तर गुडघे फुटपाथवर यावेत, एवढीच जागा. त्या जागेत एक मशीन, एक इस्त्री आणि स्टुलावर मामा, असे तिघे चाळीस वर्षं एकमेकांना सांभाळून राहिले. समोरून कुणी गेलं की मी विचारायचो, "मामा, हे कोण हो?" मामा चष्म्यावरून बघायचे आणि सांगायचे, "छत्तीस कंबर. उजवा पाय पाव इंच आखूड. आधी चौतीस होता, मुलीचं लग्न झाल्यापासून सुटलाय." आता अशा माणसाला हाक काय मारायची? मामा मारत, "ओ छत्तीस, विजार तयार आहे!" आणि गंमत म्हणजे तो बरोबर वळून बघायचा.

मी हिला बघायला गेलो, तेव्हा मुलीकडच्या सगळ्या वडीलधाऱ्यांनी माझी नोकरी, पगार आणि जागा या क्रमाने चौकशी केली. मामा कोपऱ्यात बसून नुसते माझ्या खांद्यांकडे बघत होते. पोहे संपल्यावर ते हिच्या आईला आत घेऊन गेले आणि, मला स्पष्ट ऐकू येईल इतक्या हळू आवाजात म्हणाले, "डावो खांदो अर्धो इंच खाली आसा गो. म्हणजे रोज त्या बाजूक बॅग लावता. नोकरी कायम आसा." माझं लग्न त्या अर्ध्या इंचावर जमलं. अजूनही ते मला जावईबापू म्हणतात ते नातं पाळायचं म्हणून नव्हे, माझं नाव त्यांना आठवत नाही म्हणून, असा माझा दाट संशय आहे.

मामांचा सगळ्यात मोठा शत्रू म्हणजे 'अंदाजे' हा शब्द. हा शब्द कानावर आला की त्यांच्या गळ्यातला टेप फणा काढल्यासारखा हलायचा. डॉक्टरांनी एकदा "मीठ थोडं कमी करा" असं सांगितलं, तर "थोडं म्हणजे किती?" या प्रश्नावर मामांनी बाहेरचे अकरा पेशंट ताटकळत ठेवले. मामी भात अंदाजाने शिजवतात आणि तो पन्नास वर्षं उत्तम होतो, ही गोष्ट त्यांनी मनाविरुद्ध मान्य केली होती, पण तिचा विषय ते शक्यतो काढत नसत. गिऱ्हाइकाने दुसरी विजार आणून "या मापाची शिवा" म्हटलं तर ते विजार परत करत. "विजारीचं माप माझ्याकडे नको. माणूस आणा." आणि माणूस आला की त्याचं माप मोठ्याने उच्चारत, मळक्या पुठ्ठ्याच्या वहीत, तारखेसह लिहीत. अशी एकही वही त्यांनी टाकलेली नाही. मशीनच्या मागे, फळीवर, घरी पलंगाखाली, सगळीकडे वह्या. "गिरण्यांच्या संपाच्या सालातली वही बघा जावईबापू," ते एकदा म्हणाले, "सगळ्या चाळींची कंबर दीड इंचाने उतरलेली सापडेल." मी हसलो. ते हसले नाहीत.

तर या मामांकडे एक बाई येऊ लागल्या. साठीच्या, घोडपदेवच्या, हातात पिशवी. पहिल्यांदा त्या मुलाची पँट कमरेत घट्ट करायला घेऊन आल्या. मामांनी नेहमीप्रमाणे "माणूस आणा" सांगून परत पाठवलं. दुसऱ्यांदा उशीचा अभ्रा आणला, तो मामांनी उभ्या उभ्या शिवून दिला, तरी बाई दोन मिनिटं तिथेच उभ्या राहिल्या आणि मग गेल्या. तिसऱ्यांदा आल्या तो शनिवार होता आणि मी दुकानाबाहेर बाकड्यावर पेपर वाचत बसलो होतो. या वेळी त्यांनी पिशवीतून एक ब्लाऊज काढला. मामांनी तो उलटा केला, सुलटा केला, प्रत्येक शिवण नखाने ओढून बघितली.

"बाई, या ब्लाऊजला काही झालेलं नाही."

बाईंनी ब्लाऊज घेऊन पुन्हा पिशवीत ठेवला.

"तुम्हाला माझ्याकडून काय हवंय?"

तेव्हा त्यांनी पिशवीच्या तळातून एक झेरॉक्स काढली आणि शेवटच्या पानावर बोट ठेवलं. "ही सही तुमची का?"

सही मामांचीच होती. शिंप्याची सही म्हणजे खडूने कापडावर मारल्यासारखी, दुरूनही ओळखू येणारी. तो एक पंचनामा होता. पोलीस काही जप्त करतात तेव्हा दोन त्रयस्थ माणसांसमोर करतात आणि काय कुठे सापडलं ते लिहून त्यांच्या सह्या घेतात. ते दोघे पंच. या कागदात लिहिलं होतं की अकरा वर्षांपूर्वी एका दुपारी, रस्त्यात, दोन पंचांसमक्ष, बाईंचा मुलगा नितीन याची अंगझडती घेतली आणि त्याच्या कमरेला खोचलेलं गावठी पिस्तूल मिळालं. विनापरवाना पिस्तूल बाळगल्याबद्दल नितीनला तीन वर्षांची शिक्षा झाली. खटला सहा वर्षं चालला होता. सव्वा वर्ष आत काढल्यावर अपिलात जामीन मिळाला आणि ते अपील आता कुठे सुनावणीला येत होतं. नवीन वकीलबाईंनी सगळे कागद पहिल्यापासून वाचले, तेव्हा त्यांच्या लक्षात आलं की खटल्यात एकाच पंचाची साक्ष झाली आहे. दुसरा पंच, धंदा शिंपी, याच्या नावापुढे शेरा होता, 'मिळून आला नाही.'

मामा वाचत होते. आपण जिथे सही केली ते मामा अकरा वर्षांनी प्रथमच वाचत होते. मला वाटलं होतं ते 'मिळून आला नाही' यावर भडकतील, कारण चाळीस वर्षं हा माणूस त्या स्टुलावरून फक्त जेवायला आणि गणपतीला उठत होता. त्यावरही ते भडकलेच, पण नंतर. आधी त्यांचं बोट एका ओळीवर थांबलं आणि चेहरा पांढराफटक पडला.

"'लांबी अंदाजे एक वीत.'" त्यांनी ओळ वाचून दाखवली. "जावईबापू, मी मोजलं होतं. मी मोजून सांगितलं होतं!"

झालं होतं असं. त्या दुपारी ओळखीचा एक हवालदार दुकानात आला आणि म्हणाला, "मामा, जरा चौकीवर चला, सही पाहिजे. टेप पण घ्या." चौकीत टेबलावर वर्तमानपत्र पसरून त्यावर एक काळं लोखंडी पिस्तूल ठेवलेलं. एक पोरगा भिंतीला टेकून खाली बसलेला. त्याच्याकडे मामांनी नीट बघितलंही नाही. त्यांनी पिस्तूल मोजलं, मोठ्याने सांगितलं, चहा प्यायला, लिहून तयार असलेल्या कागदावर सही केली आणि परत आले. रस्ता नाही, झडती नाही, कमर नाही. दुकानात गिऱ्हाईक थांबलं होतं.

मामा उठले. मशीनमागच्या वह्या बाहेर येऊ लागल्या. बाई, मी आणि इस्त्रीला आलेला एक माणूस असे आम्ही फुटपाथवर उभे, आणि आतून धूळ आणि आकडे. तासाभराने मामा एक वही घेऊन बाहेर आले. कुणाच्या तरी लग्नाच्या कोटाचं माप, मग दोन शाळेच्या चड्ड्या, आणि त्यांच्यामध्ये, तीच तारीख घालून, मामांच्या अक्षरात: 'चौकी. लोखंडी. लांबी सव्वासात, मूठ पावणेतीन.' बाईंच्या झेरॉक्समध्ये मागे शस्त्र तपासणाऱ्या तज्ज्ञाचा अहवाल होता. कोर्टात दाखवलेल्या पिस्तुलाची लांबी त्यात लिहिली होती. सेंटिमीटरमध्ये होती. मामांनी टेप उलटा करून हिशेब केला. साडेनऊ इंच.

"हे ते नव्हे," मामा म्हणाले.

आता मी शहाण्यासारखं बोलायला हवं होतं, आणि मी बोललोही. म्हणजे मला तेव्हा ते शहाणपण वाटलं. संध्याकाळी घरी मामींसमोर मी त्यांना म्हणालो, "मामा, तुमचं वय चौऱ्याहत्तर. कोर्टात उभं राहून, मी न बघता सही केली, असं सांगणार? उद्या तुमच्यावरच खटला भरतील. चौकी पन्नास पावलांवर आहे. शिवाय त्या मुलाकडे खरंच पिस्तूल नव्हतं कशावरून?"

"ता माका ठावक नाय," मामा म्हणाले. संतापले की ते मालवणीत शिरत. "त्येच्याकडे होतं की नव्हतं, मियां बघूक नाय. बघूक नाय नि बघितलं म्हणून सही केलंय. तेवढाच सांगूचा आसा."

मी मामींकडे आशेने पाहिलं. मामी तांदूळ निवडत होत्या. त्या मान वर न करता म्हणाल्या, "जाऊ देत त्यांना. नाहीतर रोज घरात बसून मलाच सांगत बसतील, सव्वासात, सव्वासात."

आणि मामा निघाले. कोर्ट अजून त्यांची साक्ष घ्यायला तयारही नव्हतं. वकीलबाईंचा त्यासाठीचा अर्ज नुसता दाखल होता आणि त्यावर तारखा पडत होत्या. "तुम्ही इतक्यात येऊ नका हो काका," वकीलबाई कळवळून सांगायच्या. पण मामा प्रत्येक तारखेला फोर्टच्या कोर्टात हजर. "एकदा मिळून आलो नाही," ते म्हणायचे, "दुसऱ्यांदा ही संधी मी कुणाला देणार नाही." कोर्टाच्या दारात झडती घेणाऱ्या शिपायाने पहिल्याच दिवशी त्यांच्या पिशवीतली कात्री काढून घेतली. मामांनी पावती मागितली. शिपायाने वैतागून चिठोऱ्यावर 'एक कात्री' लिहून दिलं. मामांनी ते परत केलं. "लांबी लिहा." पुढच्या सगळ्या तारखांना तो शिपाई मामांना लांबून बघूनच, "कात्री, दहा इंच, आली!" असं ओरडून त्यांना आत सोडू लागला.

सुई मात्र त्यांच्या कॉलरच्या आत खोचलेली असे, ती कुणाला सापडली नाही. कोर्टाबाहेरच्या बाकावर बसल्याबसल्या मामा वकिलांचे झगे न्याहाळत. त्यांच्या मते मुंबईतल्या न्यायाला विलंब लागतो तो वकिलांचे खांदे उतरलेले असतात म्हणून. हळूहळू लोक त्यांच्याकडे बटणं घेऊन येऊ लागले. एका तारखेला एक जाडजूड वकील घाईघाईने आले, झग्याची बाही काखेत उसवलेली. मामांनी त्यांना उभं करून तिथल्या तिथे टाके घातले. वकील आभार मानून आत गेले आणि पाच मिनिटांनी आतून त्यांचा दणदणीत आवाज आला, "अकरा वर्षांनी हा पंच कुठून उगवला? आमचा या अर्जाला सक्त विरोध आहे!" ते सरकारी वकील होते. मामा शांतपणे म्हणाले, "शिवण टिकली. एवढा हात उचलला, तरी टिकली."

सातव्या तारखेला न्यायाधीशांनी अर्ज मंजूर केला. पंच चाळीस वर्षं एकाच दुकानात बसलेला असताना तो का मिळाला नाही, याचं उत्तर सरकारी पक्षाकडे नाही, असं त्या म्हणाल्या. न्यायाधीशही बाईच होत्या. साक्षीच्या दिवशी मामा इस्त्रीचा पांढरा शर्ट घालून पिंजऱ्यात उभे राहिले आणि जन्मात पहिल्यांदा त्यांच्या गळ्यात टेप नव्हता. मागच्या बाकावर नितीन बसला होता, चौतीस-पस्तिशीचा, गालफडं बसलेली, कुठल्याशा कुरियरचा टी-शर्ट घातलेला. मी त्याला प्रथमच नीट बघत होतो. मामांनी मात्र त्याच्याकडे पाहिलं नाही. त्यांनी चौकी सांगितली, वर्तमानपत्र सांगितलं, चहा सांगितला, सव्वासात सांगितलं.

मग सरकारी वकील उठले. "कापडी टेप ताणला जातो, हे खरं ना?"

"खरं."

"ताणलेल्या टेपने माप कमी येतं, हेही खरं?"

"खरं. पण साडेनऊचं सव्वासात यायला टेप रबराचा हवा, साहेब."

कोर्टात थोडं हसू झालं. वकील हसले नाहीत. ते पिंजऱ्याजवळ आले. "पोलिसांनी तुम्हाला मारलं?"

"नाही."

"धमकी दिली?"

"नाही. चहा दिला."

"मग न वाचता सही का केलीत?"

मामांचा हात टेप शोधत गळ्याकडे गेला. पंखा फिरत होता. ज्या माणसाने आयुष्यात कुणाला बाहीच्या मापात पाव इंचाची सूट दिली नाही, त्याला त्या प्रश्नाचं उत्तर सापडत नव्हतं आणि तो सगळ्यांसमोर शोधत होता. मला वाटलं, उठावं आणि त्यांना हाताला धरून घरी न्यावं.

"गिऱ्हाईक थांबलं होतं," शेवटी ते म्हणाले.

"म्हणजे गिऱ्हाईक थांबलंय म्हणून खोट्या कागदावर सही करणारे गृहस्थ तुम्ही. मग आज तुम्ही खरं बोलताय, हे कोर्टाने का मानावं?"

मामांनी कठडा दोन्ही हातांनी धरला. त्यांचं प्रमाण मराठी, जे त्यांनी महिनाभर मामींसमोर घोटलं होतं, ते सगळं गळून पडलं. "मानू नका. माझ्या तोंडार विश्वास ठेवू नका. तेव्हा खोटा केलंय म्हणानच आज इलंय. ती वस्तू आणा नि मोजा. माझ्या टेपान नको, कोर्टाच्या पट्टीन मोजा."

न्यायाधीशबाईंनी मुद्देमाल मागवला. पाकीट उघडलं, पिस्तूल बाहेर आलं, कारकुनाने स्टीलची पट्टी लावली. साडेनऊ. मग वही पुढे गेली. न्यायाधीशबाई ती वही बराच वेळ बघत होत्या. त्या पानापुरती नव्हे, मागची-पुढची पानंही त्यांनी चाळली. इतक्या वर्षांच्या कमरा आणि छात्या, एकसारख्या शाईत, एकाही ठिकाणी खाडाखोड नाही. मग त्यांनी विचारलं, "हे सव्वासात तुम्ही का लिहून ठेवलंत? ते काही शिवायचं नव्हतं."

"मोजलं की लिहायचं, बाईसाहेब," मामा म्हणाले. दुसरं काही कारण त्यांना सुचलंच नाही.

निकाल पुढच्या महिन्यात लागला. जप्ती दाखवली तशी झाल्याचं सिद्ध होत नाही, पकडलेलं शस्त्र आणि कोर्टात आलेलं शस्त्र एकच आहे याची खात्री देता येत नाही, सबब संशयाचा फायदा देऊन शिक्षा रद्द. नितीन उभा होता तो तसाच उभा राहिला. त्याच्या आईने वकीलबाईंचे हात धरले. बाहेर जिन्यापाशी नितीन मामांसमोर आला, "काका, येतो," एवढंच म्हणाला आणि दुपारची ड्युटी होती म्हणून घाईने उतरून गेला. मामा जिन्याच्या तोंडाशी तो दिसेनासा होईपर्यंत उभे होते. मला वाटलं, आता ते त्याचं माप सांगतील. त्यांनी काही सांगितलं नाही.

मला जी भीती होती ती खोटी ठरली. मामांवर खटला झाला नाही, चौकीतून कुणी आलं नाही. जो हवालदार त्यांना घेऊन गेला होता, तो केव्हाच निवृत्त होऊन गावी गेला होता. दुकानात लोक येऊन त्यांची पाठ थोपटू लागले. "मामा, सोडवलात हो पोराला!" असं कुणी म्हटलं की ते मशीन इतक्या जोरात चालवायचे की पुढचं ऐकू येऊ नये.

पंधरा दिवसांनी एका रविवारी सकाळी ते माझ्या दारात उभे. "जावईबापू, घोडपदेवला यायचंय माझ्याबरोबर." हा माणूस कधी कुणाच्या घरी जात नसे. माणसं त्याच्याकडे यायची. आम्ही चालत निघालो. चाळ सापडली, तिसरा मजला, गॅलरीत वाळत घातलेले कपडे. नितीन कामावर गेला होता. त्याच्या आईने आम्हाला आत बोलावलं, पंखा लावला, चहा टाकला. मामा खुर्चीच्या कडेवर बसले होते. कप हातात आल्यावर त्यांनी तो खाली ठेवला.

"बाई," ते म्हणाले, "माझं चुकलं. हे सांगायला आलो."

बाई ओट्यापाशी उभ्या होत्या. त्यांनी हातातल्या फडक्याची घडी केली, मग उलगडून पुन्हा घडी केली. "अकरा वर्षं तुम्ही तिथेच होतात," त्या म्हणाल्या. आवाज चढलेला नव्हता. "मी त्या रस्त्याने कामाला जायचे. रोज."

मामांनी मान हलवली. खालच्या मजल्यावर कुणीतरी टीव्ही मोठा केला. मग बाईंनी मामांच्या कपाकडे पाहिलं आणि म्हणाल्या, "निवला असेल. गरम करून देते." आणि खरंच तो कप उचलून त्यांनी चहा पुन्हा भांड्यात ओतला, गरम केला आणि मामांच्या हातात दिला. मामांनी तो सगळा संपवला.

जिना अंधारा होता. उतरताना मामांनी माझा हात धरला. पंचवीस वर्षांच्या ओळखीत पहिल्यांदाच. मला वाटलं, पायऱ्या दिसत नसतील. पण खाली उजेडात आलो, रस्त्याला लागलो, चिंचपोकळीचा पूल चढलो, तरी त्यांनी तो सोडला नाही, आणि मीही हात सोडवून घेतला नाही. वाटेत तीन ओळखीची माणसं भेटली. मामांनी त्यातल्या एकालाही हाक मारली नाही.